जप्ती दुसऱ्यावर, वस्तू आपली: निकालाआधीच्या कोर्ट जप्तीत आपली मालमत्ता अडकली तर काय करायचं

"दादा, कोर्टाची माणसं आलीयेत, तुमचं लेथ पण लिहून घेतलं." वर्कशॉपमधल्या पोराचा हा फोन आला तेव्हा मी गाडीवर होतो. गाडी बाजूला घेतली आणि त्याला दोनदा विचारलं, माझं का, माझा काय संबंध. लेथ म्हणजे धातू कातायचं मशीन, ते माझं होतं, त्या वर्कशॉपवाल्याला महिन्याच्या भाड्याने दिलेलं, आणि त्याच्यावर कुणीतरी पैशाच्या वसुलीचा दावा लावला होता. दाव्याचा निकाल अजून लांब होता पण त्याआधीच कोर्टाने त्याच्या मालावर जप्ती काढली आणि बेलिफने शेडमध्ये जे दिसलं ते सगळं यादीत घेतलं, त्यात माझं लेथ गेलं.

ते सोडवायला मला सव्वा वर्ष लागलं. त्यातले पहिले पाच आठवडे मी स्वतःच्या हाताने घालवले, आणि त्याची किंमत नंतर मोजली. म्हणून हे सगळं क्रमाने लिहून ठेवतोय. मी वकील नाही, तुमच्या केसला तुमचा वकील लागणारच, पण वकिलाकडे जाताना आपल्याला निदान काय विचारायचं आणि काय घेऊन जायचं एवढं तरी माहीत पाहिजे.

एक गोष्ट सुरुवातीलाच पक्की करा. कोर्ट तुम्हाला मुख्य प्रश्न एकच विचारणार आहे, जप्ती झाली त्या दिवशी या वस्तूत तुमचा हक्क काय होता. प्रतिवादी माणूस कसा आहे, वादीचे पैसे खरे की खोटे, याच्याशी तुमचं देणंघेणं नाही. आणि यासाठी जो हरकतीचा अर्ज तुम्ही देणार आहात तो अर्ज म्हणजेच तुमचा दावा, नंतर वेगळा दावा लावता येईल अशा समजात राहू नका. बहुतेक जण इथेच चुकतात.

१. आधी जप्ती कसली आहे ते ओळखा

जप्ती म्हटलं की सगळ्यांना एकच वाटतं पण प्रकार वेगळे आणि दरवाजेही वेगळे.

दिवाणी दाव्यात निकाल लागायच्या आधी होते ती दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ च्या ऑर्डर ३८ खालची जप्ती, हा लेख तिच्याबद्दल आहे. निकालानंतर दरखास्तीत, म्हणजे निकालाची अंमलबजावणी करून घ्यायच्या कारवाईत, होणारी जप्ती वेगळी, पण हरकत घ्यायची पद्धत तीच, कारण ऑर्डर ३८ रूल ८ सरळ सांगतो की निकालाआधीच्या जप्तीवरच्या हरकती दरखास्तीतल्या जप्तीसारख्याच, म्हणजे ऑर्डर २१ रूल ५८ प्रमाणे ठरवायच्या.

बँकेने सरफेसी कायद्याखाली ताबा घेतला असेल तर दिवाणी कोर्टात जाऊन उपयोग नाही, तिथे कर्जवसुली न्यायाधिकरणात जावं लागतं आणि त्याला ४५ दिवसांची मुदत आहे. ठेवीदारांचे पैसे बुडवल्याच्या केसमध्ये एमपीआयडी कायद्याखाली जप्ती असेल तर त्याचं स्पेशल कोर्ट असतं. ईडीची जप्ती असेल तर आणखी तिसरंच. तेव्हा हातात आलेल्या कागदावर कोर्टाचं नाव, दावा नंबर आणि कलम किंवा ऑर्डर-रूल काय लिहिलंय ते आधी बघा, फोटो काढून ठेवा, मग पुढचं.

२. जप्तीच्या ऑर्डरची नक्कल काढा, ऐकीव माहितीवर चालू नका

मला वर्कशॉपवाल्याने सांगितलं होतं की "तुमच्या मशीनचं काही नाही, फक्त नोंद केलीय." नक्कल काढल्यावर कळलं की मशीन रीतसर जप्त होऊन त्याच्याच ताब्यात सुपूर्तनाम्यावर, म्हणजे सांभाळायची लेखी हमी घेऊन, ठेवलंय. नोंद आणि जप्ती यात केवढा फरक आहे.

दावा नंबर माहीत असेल तर ई-कोर्ट्सच्या साईटवर किंवा ॲपवर केस सापडते, १६ अक्षर-आकड्यांचा सीएनआर नंबर मिळाला तर एकदम लगेच. पुढची तारीख, वादी-प्रतिवादीचे वकील, रोजनामा तिथे दिसतो. पण खरी नक्कल कोर्टाच्या नक्कल विभागातूनच काढा. तुम्ही त्या दाव्यात पक्षकार नसल्याने अर्जात कारण लिहावं लागतं, तिथे "जप्त मालमत्तेत हक्क असल्याने" असं स्पष्ट लिहा. या गोष्टी मागवा:

जप्तीचा वादीचा अर्ज आणि त्याचं शपथपत्र, त्यावरची ऑर्डर, जप्त मालमत्तेची यादी, बेलिफचा रिपोर्ट आणि पंचनामा, सुपूर्तनामा असेल तर तो, आणि दाव्याची प्रत.

वादीचा अर्ज का हवा ते सांगतो. कुठली मालमत्ता जप्त करायची आणि तिची अंदाजे किंमत किती हे साधारणपणे वादीनेच द्यायचं असतं. कोर्ट जागेवर जाऊन बघत नाही. वादीला जे प्रतिवादीचं वाटतं ते तो लिहितो, त्यामुळे भाड्याचं मशीन, भावाच्या नावावरचा प्लॉट, बायकोची गाडी असं सगळं यादीत येतं. बऱ्याचदा यात वादीची लबाडी नसते, त्याला माहितीच नसते. म्हणून वादीच्या वकिलाशी पहिल्या दिवसापासून भांडण काढू नका, कागद चोख असतील तर कधी कधी तेच "हरकत नाही" असं म्हणणं देतात आणि विषय दोन तारखांत संपतो.

ऑर्डर वाचताना आणखी एक बघा. ऑर्डर ३८ च्या रूल ५ प्रमाणे कोर्टाने आधी प्रतिवादीला सांगायचं असतं की एवढ्या मुदतीत तारण दे नाहीतर का देत नाहीस ते येऊन सांग, आणि तोपर्यंत सशर्त जप्ती करता येते. हे न करता सरळ जप्ती केली असेल तर १९७६ च्या दुरुस्तीने आलेल्या पोटनियम ४ प्रमाणे ती जप्ती शून्य ठरते. तसंच प्रतिवादी डिक्रीला, म्हणजे कोर्टाच्या अंतिम हुकुमाला, अडथळा आणायच्या हेतूने मालमत्ता विकायच्या किंवा हलवायच्या बेतात आहे हे कोर्टाला पटायला लागतं, नुसतं "त्याच्याकडे माझे पैसे आहेत" पुरत नाही. सुप्रीम कोर्टाने २००८ साली रिपोर्ट झालेल्या निकालात, एससीसी या सुप्रीम कोर्टाच्या निकालांच्या छापील मालिकेचा २००८ चा खंड २, पान ३०२, हा अधिकार फार कडक आहे आणि जपून वापरायचा, बिनतारणी कर्जाचं तारणी कर्ज करून घ्यायला नाही, असं स्पष्ट म्हटलंय. हे मुद्दे मुळात प्रतिवादीचे असले तरी तुमच्या अर्जात एका परिच्छेदात येऊ द्या. मात्र सगळा भार त्यांच्यावर टाकू नका, तुमचा पाया म्हणजे तुमचा हक्क.

३. तुमचा हक्क नेमका कुठल्या प्रकारचा आहे ते ठरवा

"माझं आहे" हे पुरेसं नाही. कसं माझं, कधीपासून माझं, पूर्ण की काही हिस्सा, हे लिहिता आलं पाहिजे. ऑर्डर ३८ रूल १० सांगतो की दाव्यात पक्षकार नसलेल्या माणसाचे जप्तीच्या आधीपासूनचे जे हक्क आहेत त्यांना जप्तीमुळे बाधा येत नाही. सगळी लढाई या "आधीपासूनचे" शब्दावर आहे.

जमीन, प्लॉट, फ्लॅट खरेदी केलेला असेल: जप्तीच्या आधी खरेदीखत नोंदलं गेलं असेल तर तुमची बाजू भक्कम. खरेदीखतावर सह्या आधी झाल्या आणि रजिस्ट्रेशन जप्तीनंतर झालं असेल तरी घाबरू नका, नोंदणी कायद्याच्या कलम ४७ प्रमाणे नोंदलेला दस्त सह्या झाल्या त्या दिवसापासून लागू होतो आणि निकालाआधीच्या जप्तीच्याच बाबतीत सुप्रीम कोर्टाने हे मान्य केलंय, एससीसी १९९१, खंड १, पान ७१५. वकिलाला हा आकडा द्या.

नुसता साठेखत, म्हणजे पुढे खरेदी करायचा करार, असेल: इथे जरा अडचण आहे. १९९० च्या एका निकालात, एससीसी १९९०, खंड ३, पान २९१, जप्तीआधीच्या साठेखताप्रमाणे नंतर खरेदीखत झालं तर साठेखतवाल्याचा हक्क जप्तीच्या वर ठरला. पण नंतर संहितेच्या कलम ६४ मध्ये २००२ च्या दुरुस्तीने पोटकलम आलं, त्याप्रमाणे जप्तीच्या आधी झालेला आणि आधीच नोंदलेला करार असेल तर त्यानुसार नंतर झालेलं हस्तांतरण सुरक्षित. म्हणजे नोंदलेला साठेखत असेल तर चांगलं, पाचशेच्या स्टॅम्पवर नोटरी केलेला असेल तर समोरचा वकील हेच कलम दाखवणार. तुम्ही आत्ता कुठे प्लॉट घेत असाल आणि रजिस्ट्रेशनचा खर्च वाचवायला साठेखत नोटरीवर भागवायचा विचार असेल तर कृपा करून तसं करू नका.

हिश्श्याची मालमत्ता: भावाच्या कर्जापायी वडिलोपार्जित जमीन जप्त झाली तर तुमचा हिस्सा त्याच्या कर्जाला जबाबदार नाही. अर्जात वंशावळ आणि हिस्सा स्पष्ट लिहा, "पूर्ण जमीन माझी" असं लिहिलंत आणि सिद्ध झालं नाही तर तुमचा खरा हिस्साही हातातून जाऊ शकतो. पार्टनरशिप फर्मचंही तसंच, एका पार्टनरच्या वैयक्तिक देण्यासाठी फर्मची मालमत्ता जप्त करता येत नाही.

स्त्रीधन: नवऱ्यावर दावा असेल तर बायकोचे दागिने, तिच्या पैशाने घेतलेली गाडी किंवा घर हे नवऱ्याचं नाही. अर्ज तिने स्वतःच्या नावाने द्यायचा, नवऱ्याने तिच्या वतीने नाही.

भाड्याने दिलेली, दुरुस्तीला टाकलेली, विक्रीसाठी ठेवायला दिलेली वस्तू: माझा प्रकार हाच. वस्तू सापडली प्रतिवादीच्या जागेत, त्यामुळे सकृतदर्शनी ती त्याची असं धरलं जातं आणि तसं नाही हे दाखवायचं ओझं आपल्यावर.

तारण किंवा बोजा: तुम्ही मालक नसाल पण त्या मालमत्तेवर तुमचं गहाण असेल तरीही अर्ज देता येतो, तेव्हा जप्ती तुमच्या गहाणाला बाधा न येता चालू ठेवा असं मागायचं.

आणि काही वस्तू मुळातच जप्त होत नाहीत, संहितेचं कलम ६० बघा. अंगावरचे कपडे, स्वयंपाकाची भांडी, मंगळसूत्रासारखे धर्माच्या रिवाजाप्रमाणे बाई अंगावेगळे करू शकत नाही असे दागिने, कारागिराची हत्यारं, शेतकऱ्याची अवजारं आणि बी-बियाणं. निकालाआधीच्या जप्तीत तर शेतकऱ्याच्या ताब्यातला शेतमाल जप्तच करता येत नाही, ऑर्डर ३८ रूल १२.

४. कागद गोळा करा, आणि प्रत्येक कागदाची तारीख बघा

जप्तीच्या तारखेआधीचा कागद सोन्यासारखा, नंतरचा कागद संशयाचा. मी जप्तीनंतर घाईघाईत वर्कशॉपवाल्याकडून "मशीन यांचंच आहे" असं शपथपत्र करून घेतलं होतं आणि मला वाटलं काम झालं. माझ्या वकील मॅडमनी ते बाजूला ठेवलं, म्हणाल्या हे दाखल केलं तर ते म्हणतील तुम्ही दोघं मिळालेले आहात. बरोबर होतं त्यांचं.

जमीन-घरासाठी: खरेदीखत आणि इंडेक्स २, सातबारा किंवा प्रॉपर्टी कार्ड, फेरफार, आठ-अ, घरपट्टी आणि लाईट बिलाच्या पावत्या, ज्या खात्यातून पैसे दिले त्याचं स्टेटमेंट, सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट. सातबाऱ्यावर नाव आहे म्हणजे मालकी सिद्ध झाली असं समजू नका, ती महसुलाची नोंद आहे, मालकी दस्तावरून ठरते. उलट सातबाऱ्यावर अजून जुन्या मालकाचंच नाव असेल तर वादीने तिथूनच तुमची जमीन उचललेली असते, तेव्हा फेरफार का राहिला होता हे अर्जात लिहा.

मशीन, माल, गाडीसाठी: जीएसटी बिल, ई-वे बिल, बँकेतून दिलेल्या पैशाची नोंद, विमा, आरसी बुक, ताळेबंदातलं घसाऱ्याचं पान, भाडं आल्याच्या नोंदी, भाडेकरार.

आता माझ्या मशीनचं सांगतो. बिलावर सीरियल नंबर होता पण पंचनाम्यात फक्त "एक लेथ मशीन, हिरव्या रंगाचे, जुने" एवढंच. शेडमध्ये हिरवी लेथ दोन होती, एक त्याचं, एक माझं. नंबरची पितळी पट्टी हेडस्टॉकच्या मागच्या बाजूला, तिच्यावर दोन हात रंगाचे. कोर्टाकडे आम्ही अर्ज दिला की बेलिफसमोर आणि दोन्ही बाजूंसमोर मशीनची ओळख पटवू द्या. त्या दिवशी थिनरने फडका भिजवून मी स्वतः ती पट्टी पुसली, रंगाचे पापुद्रे निघत गेले आणि आधी शेवटचे तीन आकडे दिसले, मग सगळा नंबर. बेलिफने तिथेच बिलाशी जुळवून रिपोर्टमध्ये लिहिला. त्या रिपोर्टने जेवढं काम केलं तेवढं माझ्या कुठल्याच साक्षीने केलं नाही. तेव्हा वस्तू कुणाकडेही ठेवायला देत असाल तर नंबरसकट फोटो, आणि देतानाच्या चलनावर तो नंबर, हे आजच करून टाका.

मोबाईलमधले मेसेज, ईमेल, फोटो पुरावा म्हणून द्यायचे असतील तर त्यासोबत इलेक्ट्रॉनिक रेकॉर्डचं सर्टिफिकेट लागतं, पूर्वी एव्हिडन्स ॲक्टच्या ६५-बी खाली असायचं, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ खाली. नुसता स्क्रीनशॉट प्रिंट मारून देऊ नका.

५. उशीर करू नका, हा सगळ्यात मोठा सापळा

ऑर्डर २१ च्या रूल ५८ मध्ये अर्जासाठी अमुक दिवस अशी मुदत लिहिलेली नाही, आणि त्यामुळेच लोक निवांत राहतात. पण त्याच रूलचं परंतुक, म्हणजे त्याला जोडलेली अट, सांगतं की दोन बाबतीत कोर्ट हरकत ऐकणारच नाही: अर्जाआधीच मालमत्ता विकली गेली असेल तर, किंवा अर्ज मुद्दाम वा विनाकारण लांबवला असं कोर्टाला वाटलं तर.

मी पाच आठवडे थांबलो कारण वर्कशॉपवाला म्हणत होता "मी वादीशी सेटलमेंट करतोय, आठ दिवसांत सुटेल." तडजोड झालीच नाही. पहिल्याच तारखेला वादीच्या वकिलांनी उशिराचा मुद्दा घेतला आणि आमचे दोन महिने फक्त तो उशीर का झाला यावर गेले. कोर्टाने ऐकून घेतलं, पण त्या दोन महिन्यांचं भाडं बुडालं ते बुडालं. तुम्हाला जप्ती कळली त्या आठवड्यात वकिलाकडे जा, आणि कधी, कुणाकडून कळलं याची तारीख लिहून ठेवा, ती अर्जात लागते.

याच्याशी जोडलेला दुसरा सापळा: "दाव्याचा निकाल लागला की जप्ती आपोआप संपेल." निकाल वादीच्या बाजूने लागला तर जप्ती संपत नाही, ऑर्डर ३८ रूल ११ प्रमाणे दरखास्तीत परत जप्ती करायचीही गरज नसते, तो थेट विक्रीचा अर्ज करू शकतो. तुम्ही झोपेत असताना लिलाव झाला की वरचं परंतुक लागलं. दावा फेटाळला गेला किंवा प्रतिवादीने तारण दिलं तर मात्र ऑर्डर ३८ च्याच रूल ९ प्रमाणे जप्ती उठते, पण तेव्हाही जप्ती उठवल्याची ऑर्डर झालीय का ते बघा. गैरहजेरीत फेटाळलेला दावा नंतर परत फाईलवर आला तर केवळ त्यामुळे जुनी जप्ती जिवंत होत नाही, हेही लक्षात असू द्या.

६. अर्ज कुठे आणि कसा

ज्या कोर्टाने जप्ती केली त्याच कोर्टात, त्याच दाव्यात. वादी आणि प्रतिवादी दोघांनाही सामनेवाले करा, फक्त वादीला नाही. अर्जासोबत शपथपत्र, कागदांची यादी, वकीलपत्र.

अर्जात हे आलंच पाहिजे: तुम्ही कोण, वस्तूचं अचूक वर्णन म्हणजे गट नंबर, चतुःसीमा किंवा मेक आणि सीरियल नंबर, जप्तीच्या यादीत ती कितव्या नंबरला आहे, तुमचा हक्क कसा आणि कधी आला, वस्तू प्रतिवादीकडे का होती, जप्ती कधी कळली. मागणी करताना मुख्य मागणी आणि पर्यायी मागणी दोन्ही लिहा, म्हणजे जप्तीतून मुक्त करा, ते नाही तर अमुक हिश्श्यापुरती मुक्त करा, ते नाही तर माझ्या हक्काला बाधा न येता चालू ठेवा. विक्रीची जाहिरात निघालेली असेल तर ऑर्डर २१ रूल ५९ खाली विक्री थांबवायचा अर्ज त्याच दिवशी द्या.

काही जुनी माणसं सांगतील की हरकत अर्ज म्हणजे वरवरची चौकशी, हरलात तर दावा लावा. १९७६ च्या दुरुस्तीआधी तसंच होतं. आता रूल ५८ च्या पोटनियम २ प्रमाणे मालकी, हक्क, हितसंबंध सगळे प्रश्न याच अर्जात ठरतात, वेगळ्या दाव्यात नाही. म्हणून अर्ज दाव्याच्या तयारीने लिहून घ्या. वेगळा दावा फक्त एका परिस्थितीत, कोर्टाने उशीर किंवा विक्रीच्या कारणावरून अर्ज ऐकायलाच नकार दिला तर, आणि तो दावा मग लगेच लावायचा.

वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि कमी उत्पन्नाच्या लोकांना मोफत वकील मिळतो, हेल्पलाईन १५१००.

७. मधल्या काळात वस्तूला हात लावू नका

माझा एक ओळखीचा म्हणाला, रात्री टेम्पो लावू आणि मशीन घेऊन येऊ, तुझंच तर आहे. असं करू नका. कोर्टाच्या जप्तीतली वस्तू हलवणं किंवा बेलिफला अडवणं यातून गुन्हा अंगावर येऊ शकतो आणि तुमची खरी केसही खोटी वाटायला लागते. मालमत्ता विकायचा प्रयत्नही नको, जप्ती टिकली तर संहितेच्या कलम ६४ प्रमाणे तो व्यवहार जप्तीखालच्या मागणीपुरता शून्य.

त्याऐवजी कोर्टाकडे तात्पुरता ताबा मागा. आम्ही हमी दिली की मशीन विकणार नाही, हलवणार नाही, कोर्ट सांगेल तेव्हा हजर करू, आणि सुपूर्तनामा माझ्या नावावर करून घेतला. मशीन बंद पडून गंजत असेल तर हा अर्ज नक्की करा, दर पावसाळ्याला बेड खराब होत जातो.

८. साक्षीपुरावा आणि उलटतपास

दुसऱ्या बाजूने विरोध केला की तुम्हाला सरतपासाचं, म्हणजे स्वतःच्या साक्षीचं, शपथपत्र द्यावं लागतं आणि मग उलटतपास. मूळ कागद घेऊन जा, झेरॉक्सवर निशाणी, म्हणजे पुरावा म्हणून कोर्टाचा नंबर, पडत नाही. ज्याने माल विकला त्याचा माणूस किंवा बिलाची वही आणता आली तर आणा.

उलटतपासात रोख एकाच गोष्टीवर असतो, तुम्ही आणि प्रतिवादी मिळून वस्तू वाचवताय. नातेवाईक असाल तर हे दुपटीने. दाव्याच्या तोंडावर झालेली भावा-मेहुण्यांमधली खरेदी असेल तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५३ काढलं जातं, सावकाराला फसवण्यासाठी केलेलं हस्तांतरण म्हणून. त्याचं उत्तर म्हणजे बँकेतून गेलेले पैसे, बाजारभावाच्या जवळची किंमत आणि ताबा खरोखर बदलल्याची खूण. मला विचारलं, भाडं रोख का घ्यायचात? काही महिने घेतलं होतं रोख, मी खरं सांगितलं, उरलेल्या महिन्यांचे बँकेतले व्यवहार दाखवले. जे माहीत नाही ते माहीत नाही म्हणा, जे झालं ते तसंच सांगा.

९. ऑर्डर काय येते

पूर्ण मुक्त, काही भाग मुक्त, अर्ज नामंजूर, किंवा तुमच्या गहाणा-हितसंबंधाला धरून जप्ती चालू. रूल ५८ च्या पोटनियम ४ प्रमाणे या ऑर्डरला डिक्रीचं बळ असतं, म्हणून विरोधात गेली तर अपील, रिव्हिजन वगैरे नाही. अपिलाची मुदत जिल्हा कोर्टात ३० दिवस, हायकोर्टात ९० दिवस. नकलेचा अर्ज निकालाच्या दिवशीच टाका.

नुकसानभरपाईबद्दल खूप जण विचारतात. संहितेच्या कलम ९५ खाली अपुऱ्या कारणाने जप्ती केल्याबद्दल ५०,००० रुपयांपर्यंत भरपाई आहे पण ती प्रतिवादीने मागायची, तुम्ही तिऱ्हाईत. तुमच्या अर्जात निदान खर्च मागा, आम्हाला तो काही प्रमाणात मिळाला.

१०. ऑर्डर मिळाल्यावर वस्तू खरोखर मोकळी करून घ्या

ऑर्डर फाईलमध्ये राहून वस्तू सुटत नाही. सर्टिफाईड नक्कल घ्या. जंगम वस्तू असेल तर सुपूर्तनाम्यातून मुक्त करायचा आणि ताबा द्यायचा आदेश कोर्टाच्या नाझर विभागापर्यंत, जिथून बेलिफची कामं चालतात, गेलाय का विचारा, बेलिफकडून ताबा घेताना पंचनाम्याशी एकेक भाग जुळवा. माझ्या लेथचा चक आणि टूलपोस्ट जागेवर होते, मोटर बदललेली होती, ते मी ताबापावतीवर लिहूनच सही केली.

जमीन असेल तर जप्तीची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात किंवा प्रॉपर्टी कार्डावर गेलेली असते. ऑर्डरची नक्कल जोडून तलाठ्याकडे किंवा सिटी सर्व्हे ऑफिसात अर्ज द्या, पोच घ्या, आणि महिन्याभराने ताजा डिजिटल सातबारा काढून नोंद खरंच कमी झाली का बघा. सोसायटीला कोर्टाचं पत्र गेलं असेल तर सोसायटीलाही नक्कल द्या. बँक खातं गोठवलं असेल तर शाखेत नक्कल देऊन लेखी पोच घ्या, तोंडी "झालंय साहेब" वर तिथून उठू नका.

वादीने अपील केलं तर तिथे स्थगिती मागितली जाऊ शकते, तेव्हा वरच्या कोर्टात कॅव्हेट, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय ऑर्डर करू नका असा अर्ज, टाकून ठेवा, त्याची मुदत ९० दिवसांची असते, संपली की पुन्हा टाकायची. आम्ही दोनदा टाकली. दुसरी संपायच्या आधी वकील मॅडमनी चौकशी केली, अपील झालेलं नव्हतं, मग त्याच आठवड्यात मशीन दुसऱ्या वर्कशॉपला दिलं, या वेळी नोंदणीकृत भाडेकराराने, आणि चलनावर सीरियल नंबर टाकून.